फुंकरची परतवाट

४ मार्च

प्रिय बारके,

सात वर्षांनी लिहितेय. पहिली ओळ तीन दिवस सुचेना, म्हणून कामाचंच बोलते. कामाचा विषय निघाला की ताईची जीभ सुटते, असं तूच म्हणायचीस.

सोबत कंपनीच्या वकीलबाईंनी दिलेला कागद आहे. दोन पानी. दुसऱ्या पानाच्या तळाशी तुझी सही हवी. येत्या वर्षी 'सवंगडी'ला तीस वर्षं होतील. त्या निमित्तानं जो नवा खेळ निघणार आहे, त्यात फुंकरला परत आणायचं घाटतंय. लोकांची मागणीच तशी आहे. दोन लाख सह्यांचं निवेदन आलंय, आणि सह्या करणारे बहुतेक आता पंचविशी-तिशीतले आहेत.

वकीलबाईंनी जुन्या फायली चाळल्या तेव्हा त्यांना कळलं की फुंकरच्या चित्राचा करार कधी झालेलाच नाही. बाकीची चित्रं तू आणि इतरांनी नोकरीत असताना काढली, ती कंपनीची. हे एकच सात वर्षांच्या मुलीनं काढलेलं, आणि तिच्या वतीनं कुणी काही लिहून दिलेलं नाही. त्यांनी मला विचारलं, "मॅडम, ही मुलगी आता कुठे असते?" मी सांगितलं, माझ्या बहिणीची मुलगी, नऊ वर्षांची असताना गेली. बाईंनी पेन खाली ठेवलं, फाइल मिटली आणि म्हणाल्या, "मग आईची सही लागेल." त्यांचं काही चुकलं नाही. त्यांचं कामच ते.

गेल्या आवृत्तीत चारशे बारा सवंगडी गाळावे लागले, तेव्हा समितीपुढे दुसरा मार्ग नव्हता. आता मार्ग निघतोय. आणखी एक, जूनअखेर विसावा बंद होतोय. जुन्या यंत्रांवरून लोकांनी आपापले सवंगडी जिथे ठेवायला दिले होते ती सगळी व्यवस्था मोडीत निघतेय. त्यामुळे जे करायचं ते त्याआधी ठरलेलं बरं.

तुझा फोन नंबर बदललाय म्हणून टपालानं पाठवतेय. तब्येतीला जप.

तुझी ताई


१९ मार्च

प्रिय बारके,

कागद परत मिळाला. सहीच्या रेघेवर तू पेन्सिलीनं तीन शब्द लिहिलेस, "यादी कोणी केली?" तुझ्या 'द'ची शेपटी अजून खालच्या ओळीत जाऊन बसते. वकीलबाईंना मी तो कागद दाखवला नाही. टपालाला उशीर होतोय म्हणून सांगितलं.

यादीचं सांगते. पण आधी जरा मागून येऊ दे.

लाँड्रीच्या वरची ती खोली आठवते ना? जमिनीतून वाफ वर यायची आणि तुझे आलेखाचे कागद कडांनी वळायचे. आपण तिघं होतो. प्रोग्राम माझा, चित्रं तुझी, आणि संगीताला वाजंत्री. ते नाव तूच पाडलंस, कारण त्या चिमुकल्या यंत्रातून एका वेळी जेमतेम तीन सूर निघायचे आणि हा पठ्ठ्या त्यावर अख्खी फौज चालवायला बघायचा. एका सवंगड्याला चाळीस बाय चाळीस ठिपके, चार छटा. तू चौकटी भरायचीस, मी एकेक ठिपका आकड्यात घालायचे. असे एकशे अठ्ठावीस. एकदा जागा वाचवायला मी 'निखारा' सवंगड्याची शेपटी छाटली, तर तू दोन दिवस माझ्याशी बोलली नाहीस. तिसऱ्या दिवशी मी शेपटी परत दिली आणि एक झाड कमी केलं.

मला तेव्हा खेळ सोपा वाटायचा. गवतातून चालायचं, भेटेल त्याला खाऊ घालून आपलंसं करायचं, गोळा करायचं, एकमेकांशी लढवायचं. 'ऊन' आणि 'सावली' अशा दोन आवृत्त्या काढायचं डोकं वाजंत्रीचं, म्हणजे एकीत नसलेले सवंगडी दुसरीवाल्याकडून वायर जोडून घ्यावे लागतील. पण काही सवंगडी दुसऱ्याला दिल्याशिवाय मोठेच होणार नाहीत, ही कल्पना तुझी. मी भांडले होते. "असं कुठे असतं? ज्यानं वाढवलं त्याच्याकडेच मोठा व्हायला हवा." तू मान वर न करता म्हणालीस, "तू घरातली मोठी ना, तुला नाही कळायचं."

पहिले सहा महिने कुत्रं विचारत नव्हतं. मग मधल्या सुट्टीत पोरं जोडीजोडीनं वायर लावून बसायला लागली आणि शाळांनी खेळावर बंदी घातली. तेव्हा वाजंत्री म्हणाला, "आता चाललं म्हणायचं." रंगीत पडदा आला. दोन पडद्यांचं यंत्र आलं. मग फोनवरचा खेळ आला आणि एका वर्षी चांगली मोठी माणसं बागेत हातात फोन धरून खांबांवर आपटली. चारशे, सहाशे, नऊशे चौसष्ट सवंगडी झाले. तोवर वाजंत्री संचालक झाला होता आणि आपल्याला काचेची केबिन मिळाली होती, जिच्यात तू कधी बसलीच नाहीस.

नवव्या आवृत्तीत सवंगडी मोठ्या पडद्यावर गेले. प्रत्येकाला पुरतं अंग हवं, चाल हवी, सावली हवी. सगळ्यांना ते द्यायला वेळ नव्हता. पाच जणांची समिती नेमली. चर्चा झाली. ठरलं.

ताई


२६ मार्च

बारके,

तुझं उत्तर नाही. येईल कसं? तू विचारलेल्याचं उत्तर मीच कुठे दिलं होतं?

समिती पाच जणांची होती हे खरं. तिनं यादीवर वीस मिनिटं घालवली हेही खरं. पण यादी मी केली. एकटीनं, एका शनिवारी सकाळी, ऑफिसात झाडूवाल्याखेरीज कुणी नसताना. प्रत्येक सवंगड्यापुढे एक आकडा होता, किती खेळाडू त्याला लढतीत उतरवतात त्याचा. मी आकड्याप्रमाणे रांग लावली आणि पाचशे बावन्नच्या खाली रेघ ओढली. फुंकर सातशे तिसावी होती. असणारच. तिला मारताच येत नाही.

फुंकर जन्मली तो दिवस मला स्वच्छ आठवतो. वॉर्डात तुझ्या ठकूला सुई टोचून गेले होते, तू तिच्या दंडावर फुंकर घालत होतीस आणि ती दुसऱ्या हातानं तापाच्या तक्त्यामागे चित्र काढत होती. फुगलेले गाल, बारीक पाय, डोळे मिटलेले. मी विचारलं, "हिचा वार कोणता?" तर म्हणाली, "ती वार नाही करत." "मग लढणार कशी?" "ती लढायला नाहीये, मावशी. ती दुखणं घालवत नाही. ती नुसती जवळ बसते आणि फुंकर घालते." मी तो तक्ता घडी घालून पर्समध्ये ठेवला. तिचं वाक्य खेळात जसंच्या तसं घातलं, एक अक्षर न बदलता. माझ्या हातून झालेलं एक चांगलं काम म्हणून मी ते किती वर्षं मनात मिरवलं.

आणि त्याच हातानं रेघ मारली. नजरचूक नव्हती. रांगेत मी तिला पाहिलं. कर्सर तिच्यावर थांबला होता. मला वाटलं, हिला उचलून वर घेतली तर बाकी चारशे अकरांच्या चित्रकारांना काय तोंड दाखवू? घरची म्हणून घेतली? नियम तो नियम. त्या दुपारी जेवताना मला माझ्या सरळपणाचं कौतुक वाटलं, बारके. हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही.

तुलाही नाही. तू चार टेबलं पलीकडे बसायचीस. त्यानंतर अकरा महिने आपण रोज एकत्र चहा प्यायलो.

ठकूचे सवंगडी तू विसाव्यात ठेवलेस ते माझ्याच भरवशावर. "इथे ठेवा, पुढच्या खेळात न्या," ही ओळ माझी होती. वर जायची वाट होती, खाली यायची नव्हती, तरी कुणाला काळजी वाटली नाही, कारण पुढचा खेळ यायचाच होता. तो आला त्या दिवशी तू कंपनीतून फुकट घेतला नाहीस, दुकानासमोर रांगेत उभी राहिलीस. घरी जाऊन जोडलास. पडद्यावर आलं, "हा सवंगडी या खेळात येऊ शकत नाही." तेही वाक्य माझंच.

दुसऱ्या दिवशी सकाळी तू माझ्या टेबलाशी आलीस. "तुला माहीत होतं?" एवढंच विचारलंस. मी म्हटलं, "समितीनं ठरवलं." तू तुझ्या पेन्सिली पिशवीत भरल्यास आणि गेलीस.

सही कर असं आता म्हणत नाही. विचारलंस त्याचं उत्तर दिलं, एवढंच.

ताई


१७ एप्रिल

बारके,

तुझं पत्र मिळालं. चार ओळींचं, पण मी ते कितीदा वाचलं सांगत नाही. तू लिहिलंस, "सही करणार नाही. ठकूची फुंकर नव्या खोक्यावर छापून विकायची नाही. पण माझ्या हातानं मी तिला तुमच्या विसाव्यात ठेवली आणि ती तिथे अडकली. तिला खाली आणून दे. जमणार असेल तर लिही, नाहीतर लिहू नकोस."

त्याच दिवशी वाजंत्रीच्या केबिनमध्ये गेले. मी म्हटलं, "विसाव्यातून खाली यायची वाट करायची आहे."

"म्हणजे?"

"जुन्या यंत्रावर. जिथून सवंगडी वर गेला, त्याच कॅसेटमध्ये परत."

तो हसला. "अगं, तीस जूनला विसावा बंद. पाडायला काढलेल्या घराला नवा जिना?"

"घर पाडायच्या आधी माणसं खाली उतरवतात."

"परतवाट आपण मुद्दाम नव्हती ठेवली. एकाचे दोन झाले असते."

"उतरला की वरचा पुसायचा. मूळ कॅसेटखेरीज दुसरीत जाणारच नाही."

"आणि हे करणार कोण? ती जुनी रचना माहीत असलेलं आता उरलंय कोण?"

"मी."

"तू सप्टेंबरात निवृत्त होतेस."

"म्हणून तर मला कुणी दुसरं काम देत नाहीये."

मग त्यानं सहीचं विचारलं. मी सांगितलं, मिळणार नाही, आणि पुन्हा मागायला माणूस पाठवलास तर माझा राजीनामा आजच घे. तो बोटांनी टेबल वाजवू लागला. जुनी सवय. शेवटी म्हणाला, "एका फुंकरसाठी मी हे मंजूर नाही करू शकत."

"एकीसाठी मागतच नाहीये. गाळलेल्या चारशे बारा प्रकारांचे, लोकांनी वाढवलेले चार लाख अठरा हजार सवंगडी वर अडकलेत. सगळ्यांसाठी करते."

"ठकूला मी शिट्टी शिकवली होती," तो मधेच म्हणाला. मग कागद ओढून सही केली.

जमेल की नाही माहीत नाही. पण तू लिही म्हणालीस, म्हणून लिहिलं.

ताई


९ जून

बारके,

वाट झाली.

पाच आठवडे लागले. माझा मीच लिहिलेला जुना प्रोग्राम मला कळेना, वहीतल्या टिपणांवरून एकेक खण उलगडत गेले. वर जाताना आपण प्रत्येक सवंगड्याची थोडी माहिती टाकून देत होतो, तो पहिल्यांदा कुठे भेटला वगैरे. तेव्हा ती फालतू वाटली होती. तिच्यावाचून जुनी कॅसेट सवंगड्याला ओळखतच नाही. ती कुठून मिळवायची यात दहा दिवस गेले. चाळीसेक वेळा माझी चाचणीची कॅसेट कोरी झाली. माझ्या चष्म्याचा नंबर वाढलाय, तुझ्या चष्मेवाल्या नवऱ्याला सांग, गिऱ्हाईक वाढलं.

एक तारखेपासून सगळ्यांसाठी खुली केली. पहिल्या दिवशी अकरा हजार उतरले. माळ्यावरून जुनी यंत्रं काढताहेत माणसं. एका बाईनं कळवलं की भावाबहिणीत यंत्र कुणी ठेवायचं यावरून सतरा वर्षांनी पुन्हा भांडण झालं.

आता ठकूचं. तिचं खातं मला सापडलं. फुंकर त्यात आहे. मी आणखी काही उघडलेलं नाही. कुणाच्या खात्यातली नावं बघायला वेगळी परवानगी लागते, ती मी मागितली नाही.

हे तू घरीही करू शकतेस. पण तुला खरं सांगायला हवं, हजारात एखादी कॅसेट अजून कोरी होते. ठकूनं खेळलेलं सगळं त्या एकाच कॅसेटमध्ये आहे. माझ्याकडे पाठवलीस तर मी आधी तिची हुबेहूब प्रत काढेन, मगच हात लावेन. यंत्राची बॅटरी फुगली असेल, पाठीमागचं झाकण वर आलं असेल, तर अजिबात चार्जिंगला लावू नकोस. कुणाच्याही हाती पाठव. तू यायला हवंस असं नाही.

तीस जून, दुपारी बारा. त्यानंतर माझ्या हातात काही नाही.

ताई


१ जुलै

बारके,

विसावा काल बंद झाला. बाराला पाच मिनिटं असताना शेवटचा सवंगडी उतरला, कुणाचा कोण जाणे. तीन लाख सेहेचाळीस हजार घरी गेले. बहात्तर हजारांना न्यायला कुणी आलं नाही. यंत्रं हरवली असतील, माणसं विसरली असतील, काही आता नसतीलही. शेवटची कळ मीच दाबली. दुसऱ्या कुणाला सांगणं बरं दिसलं नसतं. वाजंत्री मागे उभा होता. पंख्यांची घरघर एकेक करत थांबली आणि तो म्हणाला, "चल, जेवून घेऊ." आम्ही जेवलो.

हे सगळं मी आधी लिहिलं, कारण चोवीस तारखेचं लिहायचं टाळतेय.

तुझा नवरा अकरा वाजता वर आला. यंत्र काच पुसायच्या फडक्यात गुंडाळून चष्म्याच्या मोठ्या डबीत आणलं होतं. मी विचारलं, "ती नाही आली?"

"आली आहे, ताई. खाली गाडीत बसली आहे. वर येणार नाही म्हणाली."

मी खिडकीशी गेले. तिसऱ्या मजल्यावरून तुझा चेहरा दिसत नव्हता. स्टिअरिंगवर ठेवलेला हात दिसत होता. खाली यावंसं वाटलं आणि नाही आले. कामाला लागले.

बॅटरी फुगलेलीच होती, ती बदलली. कॅसेटची प्रत काढली, ती पुन्हा तपासली. मग खेळ सुरू केला. ठकू शेवटी तळ्याकाठी थांबली होती, पाण्याकडे तोंड करून. खेळलेला वेळ दोनशे बारा तास. ती आवृत्ती बाजारात आल्यावर तिच्याकडे चार महिनेच होते. मी तुझ्या नवऱ्याला ते दाखवलं नाही, पण त्यानं वाचलं असावं, कारण त्यानं चष्मा काढून पुसायला घेतला.

उतरायला चाळीस सेकंद लागतात. मी श्वास धरून बसले होते, साठ वर्षांची बाई. पडद्यावरची पट्टी भरली. फुंकर उतरली. वरची जागा रिकामी झाली आणि खालच्या खणात गाल फुगवून ती दिसली, ठकूचं चित्र, तुझ्या हातचे ठिपके. मी यंत्र बंद करायला गेले, तर तो म्हणाला, "थांबा. बंद करू नका. ती म्हणाली आहे, ताईला नाव वाचू दे."

खेळाडूला आपल्या सवंगड्याचं नाव हवं ते ठेवता येतं, ही सोय मीच पहिल्या आवृत्तीत केली होती, पाच अक्षरांपर्यंत. मी खण उघडला. ठकूनं तिच्या फुंकरचं नाव 'मावशी' ठेवलं होतं.

मी विचारलं, "हे कधीचं?"

"तुम्ही वॉर्डात खेळ आणून दिलात त्याच दिवशी ठेवलं," तो म्हणाला. "तिला म्हटलं, मावशी कशी फुंकर असेल? तर म्हणाली, मावशीला कामामुळे सारखं येता येत नाही ना, म्हणून हिला मावशी म्हणायचं."

त्या वर्षी मी तिला किती वेळा भेटायला आले ते तुला माहीत आहे. मलाही माहीत आहे. पाच वेळा.

लिफ्टची वाट पाहिली नाही. तीन मजले जिन्यानं उतरले, हातात डबी, मागून तो. तू समोर बघत होतीस. काच चार बोटं खाली आली. डबी आत दिली, ती तू मांडीवर ठेवलीस आणि विचारलंस, "वाचलंस?" मी मान डोलावली. तू थांबलीस, बारके. मी पाहिलं, तू चावी फिरवली नाहीस, माझ्या तोंडाकडे बघत थांबलीस. मग तू काच वर केलीस.

त्या चार बोटांच्या फटीतून जे बोलायचं होतं, ते पाच पत्रांत मी एकदाही लिहिलेलं नाही, हे काल विसावा बंद करून घरी आल्यावर लक्षात आलं. माझं चुकलं. ठकू होती तेव्हाही मी यायला हवं होतं, आणि ती गेल्यावर तिचं जे माझ्या हाती उरलं होतं त्याच्यावर मी रेघ मारली, आणि तू विचारलंस तेव्हा तोंड लपवलं. माझं चुकलं, बारके.

ताई